भीती चढवणाऱ्यानेच ती उतरवावी

शनिवारी रात्रीचे दहा वाजलेत. पुण्यातल्या एखाद्या सोसायटीतला फ्लॅट. ट्यूबलाइट बंद, कोपऱ्यातला एकच दिवा चालू. जेवणाच्या टेबलाभोवती पाच जण बसलेत. समोर कागद, पेन्सिली आणि फासे. सहावा हळू आवाजात सांगतो आहे, ‘‘लिफ्ट चौथ्या मजल्यावर थांबली. चौथ्याचे बटण कुणीच दाबलेले नव्हते. दार उघडले. समोरच्या अंधाऱ्या पॅसेजमधून तुझ्या आईच्या आवाजात तुला कुणीतरी हाक मारतेय. आई तर गावाला आहे. काय करतेस?’’ टेबलावर कुणीही हसत नाही.

हा टेबलटॉप रोल-प्लेइंग प्रकारातला भयखेळ. त्यात पट नसतो, पडदा नसतो. एक जण सूत्रधार होऊन प्रसंग उभा करतो. बाकीचे आपापल्या पात्राच्या वतीने ‘मी बाहेर पडते’, ‘मी दार लावून घेतो’ असे सांगतात, आणि ते जमले की नाही हे फासे ठरवतात. असे खेळ १९७४ मध्ये अमेरिकेत गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह अर्नेसन यांच्या ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’पासून घरोघरी पोचले. त्यात राक्षस मारायचे आणि खजिना लुटायचा. १९८१ मध्ये सँडी पीटरसन यांनी एच. पी. लव्हक्राफ्ट यांच्या भयकथांवरून ‘कॉल ऑफ क्थुल्हू’ हा खेळ रचला आणि टेबलावर भीती आली. आता पुण्या-मुंबईतले विद्यार्थी आणि आयटीतली तरुण मंडळीही हे खेळ खेळतात, कधी कॅफेत, बहुतेक वेळा कुणाच्या तरी घरी.

‘ही कसली थेरं?’ असे घरच्या वडीलधाऱ्यांना वाटते. ‘नुसता खेळ तर आहे,’ असे मुलांना वाटते. दोन्ही बाजूंचे थोडे चुकते. करमणुकीसाठी घाबरणे हा आजार नाही आणि त्याने धडधाकट माणसाचे सहसा काही बिघडतही नाही. पण दुसऱ्याच्या मनात ठरवून भीती निर्माण करणे ही एक क्रिया आहे, आणि ती करणाऱ्यावर जबाबदारी येते. ती जबाबदारी नीट घाबरवण्यापुरती नाही. घाबरवलेल्याला पुन्हा जमिनीवर आणून सोडेपर्यंत ती संपत नाही.

भीतीची गंमत मराठी माणसाला नवी नाही. वीज गेली की कोकणातल्या ओटीवर भुताच्या गोष्टी निघतात. नारायण धारप आणि रत्नाकर मतकरी यांनी कित्येकांच्या झोपा उडवल्या आहेत. पण पुस्तक वाचणारा नको झाले की ते मिटू शकतो. गोष्ट सांगणाऱ्या आजीला कुठले नातवंड किती भित्रे आहे हे ठाऊक असते. एखादे रडवेले झाले की ती भुताला पळवून लावते. टेबलावरच्या खेळात या दोन्ही सोयी आपोआप मिळत नाहीत. चार मित्रांसमोर उठून जाणे अवघड जाते. सूत्रधाराला प्रत्येकाच्या घरचे माहीत असतेच असे नाही. शिवाय दार उघडण्याचा निर्णय नायकाचा नसून खेळणाऱ्याचा स्वतःचा असतो. तो स्वतःच्या तोंडाने म्हणतो, ‘मी दार उघडतो.’

आजच्या काळात घडणाऱ्या भयखेळात तर अंतर आणखी कमी होते. ट्रान्सिल्व्हेनियातला किल्ला आणि त्यातला सरदार लांबचे असतात. आधुनिक भयकथेत भाड्याचा फ्लॅट असतो, रात्रपाळी असते, आईचा मिस्ड कॉल असतो, रुग्णालयाचा कॉरिडॉर असतो. हे सगळे खेळणाऱ्याच्या रोजच्या जगण्यातले असते, म्हणून ते लवकर लागू पडते. आणि म्हणूनच ते एखाद्याच्या खऱ्या जखमेवर जाऊन बसण्याची शक्यताही जास्त असते.

शरीराला गोष्ट कळत नाही

भीतीचा प्रसंग कल्पनेतला आहे हे मेंदूच्या पुढच्या भागाला समजते. पण धोक्याची घंटा वाजवणारा ॲमिग्डाला हा भाग त्याची वाट पाहत बसत नाही. ॲड्रिनल ग्रंथींतून ॲड्रिनॅलिन सुटते. नाडी वाढते, तळहात घामेजतात, बाहुल्या मोठ्या होतात, बोटांना बारीक कंप सुटतो.

या कंपाचा उपयोग करणारा एक खेळही आहे. २००५ मधल्या ‘ड्रेड’मध्ये फासेच नाहीत. लाकडी ठोकळ्यांचा मनोरा मध्ये ठेवायचा आणि पात्राने काही धोक्याचे केले की खेळणाऱ्याने त्यातला एक ठोकळा अलगद काढून वर ठेवायचा. मनोरा पडला की ज्याच्या हातून पडला त्याचे पात्र गोष्टीतून गेले. माणूस घाबरतो म्हणून हात थरथरतो, हात थरथरतो म्हणून मनोरा डुलतो, आणि मनोरा डुलला की भीती आणखी वाढते. शरीरशास्त्राच्या वर्गात दाखवावे असे हे उदाहरण आहे.

मग लोकांना यात मजा का वाटते? डेन्मार्कमधल्या आरहूस विद्यापीठाच्या संशोधकांनी २०२० मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात ११० जणांना हृदयाची गती मोजणारी यंत्रे लावून भीतीघरात पाठवले. भीती वाढत गेली तशी मजा वाढली, पण एका टप्प्यापर्यंतच. त्यापुढे भीती वाढली तशी मजा उतरत गेली. म्हणजे भीतीलाही मात्रा असते. औषधाप्रमाणेच कमी पडली तर गुण नाही आणि जास्त झाली तर त्रास. आणि ही मात्रा प्रत्येकाची वेगळी असते. एकाच टेबलावरच्या पाच जणांना एकच डोस देऊन चालत नाही, तरी सूत्रधार नेमके तेच करत असतो.

एक गप्प बसलेली मुलगी

समजा, त्या टेबलावर एक मुलगी आहे. तीन महिन्यांपूर्वी तिचे वडील आयसीयूत अकरा दिवस होते आणि मग गेले. ती कामावर रुजू झाली आहे, हसते-बोलते आहे. मित्रांनी म्हटले, ‘चल, तेवढाच विरंगुळा.’ खेळ रंगात येतो आणि पात्रे एका बंद पडलेल्या रुग्णालयात शिरतात. सूत्रधाराने तयारी चांगली केली आहे. मोबाइलवर तो मॉनिटरचा ‘टिक टिक’ आवाज लावतो, व्हेंटिलेटरच्या भात्याचे वर्णन करतो. ‘खाटेवर कुणीतरी आहे. त्याचा चेहरा ओळखीचा वाटतो.’

ती गप्प होते. सूत्रधाराला वाटते, जमले! टेबलावर शांतता पसरली म्हणजे प्रसंग रंगला.

इथेच गफलत होते. अपघात विभागात नव्या डॉक्टरांना एक गोष्ट लवकर शिकावी लागते. ओरडणारा रुग्ण निदान श्वास तरी घेत असतो. जो गप्प पडलेला आहे त्याच्याकडे आधी पाहायचे. भीतीतही तसेच आहे. किंचाळणारा, शेजाऱ्याचा हात धरणारा, मग हसणारा खेळाडू बहुधा ठीक असतो. ज्याची नजर एका जागी खिळली आहे, ज्याचे उत्तर एका शब्दावर आले आहे, जो पुन्हा पुन्हा पाणी प्यायला उठतो आहे किंवा भलत्याच ठिकाणी मोठ्याने हसतो आहे, त्याच्याकडे लक्ष द्यायला हवे. असा माणूस खेळातून बाहेर पडून स्वतःच्या आठवणीत शिरलेला असू शकतो. तिथे सूत्रधाराचे नियम चालत नाहीत.

यात त्या सूत्रधाराचा हेतू वाईट नव्हता. त्याने फक्त विचारले नव्हते.

आधी विचारावे

भूल देणारे डॉक्टर सुई टोचण्याआधी बरेच प्रश्न विचारतात. दमा आहे का, कशाची ॲलर्जी आहे का, आधी कधी भूल दिली होती का. भयखेळाच्या सूत्रधारानेही एवढे करावे. जगभरच्या अनुभवी मंडळींनी यासाठी ‘सेशन झिरो’ची पद्धत रुळवली आहे. खऱ्या खेळाआधी एकदा बसायचे आणि गोष्ट कोणत्या जातीची आहे, तिच्यात काय येऊ शकते हे मोकळेपणाने सांगायचे. शेवट सांगायची गरज नाही. ‘यात रुग्णालय आहे, आई-वडिलांचा मृत्यू आहे, लहान मुलाला धोका आहे’ एवढे पुरते.

रॉन एडवर्ड्स या खेळ-रचनाकारांनी त्यासाठी दोन सोपे शब्द दिले, रेषा आणि पडदा. रेषा म्हणजे हा विषय आपल्या खेळात येणारच नाही. पडदा म्हणजे तो येईल, पण तपशिलाशिवाय, पडद्याआड. मराठी नाटक पाहिलेल्या माणसाला पडद्याचे हे काम वेगळे समजवावे लागणार नाही.

विचारायचे मात्र एकेकट्याला. सगळ्यांसमोर ‘कुणाला काही त्रास आहे का?’ असे विचारले तर आपल्याकडे उत्तर ठरलेले असते, ‘नाही, नाही, काही नाही.’ बाह्यरुग्ण विभागात नातेवाइकांच्या घोळक्यात विचारलेल्या प्रश्नाला जसे खरे उत्तर मिळत नाही, तसेच हे. चिठ्ठीवर लिहून घ्यावे किंवा वेगळा मेसेज करावा. आणि ‘का नको?’ असे मुळीच विचारू नये. ‘रुग्णालय नको’ एवढे सांगणे पुरेसे असावे. त्यामागची कहाणी ऐकण्याचा हक्क सूत्रधाराला नाही.

खेळताना थांबायची सोय

आधी विचारून सगळेच कळते असे नाही. आपल्याला कशाचा त्रास होईल हे पुष्कळदा माणसाला स्वतःलाही ठाऊक नसते. म्हणून जॉन स्टाव्ह्रोपोलोस यांनी सुचवलेले ‘एक्स कार्ड’ अनेक ठिकाणी वापरतात. एका कागदावर फुली काढून तो टेबलाच्या मध्यावर ठेवायचा. कुणालाही काही सहन होईनासे झाले तर त्याने त्यावर बोट ठेवायचे. तो प्रसंग तिथेच वगळायचा. स्पष्टीकरण द्यायचे नाही, मागायचे नाही. एरवी चौघांत ‘मला हे नको’ म्हणायला जे धैर्य लागते, ते या कागदामुळे थोडे कमी लागते.

तासाभराने दिवा लावून दहा मिनिटांची सुट्टी घ्यावी. लुकलुकणारे झगझगीत दिवे वापरू नयेत. काही अपस्माराच्या रुग्णांना त्याने झटका येऊ शकतो. रक्ताची फार रसभरीत वर्णनेही जपून. काही जणांना रक्ताच्या नुसत्या वर्णनाने घेरी येते. एरवीच्या भीतीत रक्तदाब वाढतो, पण या माणसांत तो थोडा चढून एकदम खाली येतो. असा कुणी पांढरा पडला तर त्याला बसवून पाणी पाजत राहू नये. आडवे करावे आणि पाय उंच ठेवावेत. तो दोन मिनिटांत सावरला नाही तर डॉक्टरांना गाठावे.

आणि मग उतरवावे

सर्वांत जास्त दुर्लक्ष होते ते शेवटाकडे. रात्री साडेबाराला शेवटचा थरारक प्रसंग होतो, टाळ्या पडतात, ‘उशीर झाला’ म्हणत सगळे हेल्मेट उचलतात आणि दुचाक्या काढून निघतात. शरीराच्या दृष्टीने ही वेळ चुकीची आहे. ॲड्रिनॅलिन काही मिनिटांत ओसरते, पण ताणाचे दुसरे संप्रेरक, कॉर्टिसोल, सावकाश चढते. ताण सुरू झाल्यावर साधारण २० ते ३० मिनिटांनी ते शिखर गाठते आणि उतरायला तासभर किंवा अधिक घेते. गोष्ट संपली तरी शरीर अजून त्या लिफ्टमध्येच उभे असते.

म्हणून खेळ संपला की अर्धा तास राखून ठेवावा. दिवे लावावेत, चहा टाकावा. प्रत्येकाने पात्राचे नाव बाजूला ठेवून स्वतःच्या नावाने बोलावे. कोणता प्रसंग आवडला, कोणता जड गेला? सूत्रधाराने मोबाइलवरचा तो आवाज कुठून मिळवला हेही सांगून टाकावे. जादूची युक्ती कळली की तिचा धाक राहत नाही. जो गप्प होता त्याला दुसऱ्या दिवशी एक फोन करावा. भूल देणारा डॉक्टर रुग्ण शुद्धीवर येण्याआधी हातमोजे काढून घरी जात नाही. सूत्रधारानेही जाऊ नये.

वेडाची गंमत नको

या खेळांचा एक भाग मात्र वैद्यकाला खटकणारा आहे. ‘कॉल ऑफ क्थुल्हू’मध्ये प्रत्येक पात्राला ‘सॅनिटी’चे, म्हणजे मनाच्या शाबूतपणाचे गुण असतात. भयंकर काही पाहिले की फासे टाकायचे आणि गुण कमी होत जायचे. एकदम पाच किंवा अधिक गेले तर पात्राला तात्पुरते वेड लागू शकते. खेळ म्हणून युक्ती चतुर आहे, पण टेबलावर तिचे अनेकदा काय होते? कुणी डोळे फिरवतो, कुणी खिदळतो, कुणी सुरी उचलतो. ‘याला ठाण्याला नाहीतर येरवड्याला पाठवा’ हा आपल्याकडचा जुना विनोद पुन्हा एकदा होतो.

मनोरुग्ण असे नसतात. त्यांतले बहुसंख्य कुणावर हात उचलत नाहीत. उलट त्यांच्यावरच अत्याचार होण्याची शक्यता जास्त असते. २०१५-१६ च्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षणात वेगवेगळ्या मानसिक आजारांतल्या ७० ते ९२ टक्के रुग्णांना उपचार मिळत नसल्याचे दिसले. याची कारणे अनेक आहेत, त्यांतले एक म्हणजे ‘वेडा’ म्हणवून घेण्याची लाज. ज्या लव्हक्राफ्ट यांच्या कथांतून हे खेळ निघाले, त्यांचे वडील आणि नंतर आईही प्रॉव्हिडन्सच्या बटलर मनोरुग्णालयात दाखल होती, आणि दोघांचाही मृत्यू तिथेच झाला. त्यांच्या कथांमधले वेडाचे भय घरातल्या दुःखाच्या किती जवळचे होते, हे त्यावरून कळते.

यापेक्षा चांगली वाट खेळ रचणाऱ्यांनीच शोधली आहे. आजच्या अमेरिकेत घडणारा ‘डेल्टा ग्रीन’ हा खेळ १९९०च्या दशकात ‘क्थुल्हू’ला जोडून आला आणि २०१६ पासून स्वतःच्या नियमांवर उभा आहे. त्यातली पात्रे गुप्त सरकारी मोहिमांवर जातात. प्रत्येकाच्या कागदावर त्याची नाती लिहिलेली असतात. बायको, मुलगी, जुना मित्र. भयंकर प्रसंगात पात्राला स्वतःच्या मनावरचा घाव हलका करता येतो, पण तेवढे गुण त्या नात्यातून वजा होतात. मोहिमांच्या मधल्या काळात घरचे प्रसंग खेळायचे असतात. वारंवार हिंसा पाहून जे पात्र ‘सरावते’ त्याला पुढे हिंसेचा धक्का बसत नाही, मात्र त्याची नाती कायमची सैल होतात.

हे खिदळणाऱ्या वेडापेक्षा कितीतरी खरे आहे. पोलीस, अग्निशमन दलाचे जवान, अपघात विभागातले निवासी डॉक्टर आणि परिचारिका यांना हा हिशेब ओळखीचा वाटेल. कामावर दगड झालेला माणूस घरीही दगडच राहतो आणि त्याची किंमत घरचे मोजतात. खेळात हे दिसले तर भीती कमी होत नाही. उलट ती घरापर्यंत पोचते, आणि कुणाची टिंगल होत नाही.

बंदी नको, काळजी हवी

इतकी काळजी घेतली तर भयाची मजाच जाईल, असा आक्षेप येतो. अनुभव उलटा आहे. थांबायची सोय आहे हे माहीत असलेला माणूस जास्त मोकळेपणाने घाबरतो. जायंट व्हीलमध्ये बसणारा आधी दांडी नीट लागली आहे ना हे पाहतो, आणि मगच ओरडण्याची मजा घेतो.

दुसऱ्या टोकाचे लोक म्हणतील, मग हे हवेच कशाला? १९८०च्या दशकात अमेरिकेत या खेळांविरुद्ध मोठे काहूर उठले होते. मुले सैतानाच्या नादी लागतात, आत्महत्या करतात, असे आरोप झाले. १९८२ मध्ये टॉम हँक्स यांची भूमिका असलेला ‘मेझेस अँड मॉन्स्टर्स’ हा दूरचित्रवाणीपट आला. त्यातला तरुण खेळ आणि वास्तव यांतला फरकच विसरतो. प्रत्यक्षात या खेळांमुळे आत्महत्या होतात असा कार्यकारणसंबंध सिद्ध झाला नाही. चार माणसे स्क्रीन बाजूला ठेवून तीन तास एकमेकांच्या तोंडाकडे पाहत बसतात, एवढ्या कारणासाठीही या खेळांकडे आज सहानुभूतीने पाहायला हवे.

तरीही हा उपचार नव्हे. मनातल्या भीतीला थोडे थोडे सामोरे नेण्याची उपचारपद्धती आहे, पण ती प्रशिक्षित तज्ज्ञ रुग्णाच्या संमतीने आणि ठरलेल्या पायऱ्यांनी करतात. ‘याची भीती घालवू या’ म्हणून मित्राला टेबलावर बसवू नये. नुकताच कुणाचा मृत्यू पाहिलेल्या, अत्याचार किंवा अपघातातून गेलेल्या, पॅनिक अटॅक येणाऱ्या, भास होणाऱ्या किंवा तीव्र नैराश्यात असलेल्या व्यक्तीने सध्या दुसरा एखादा खेळ निवडलेला बरा. खेळानंतर आठवडा-दोन आठवडे झोप लागत नसेल, तेच प्रसंग डोळ्यांसमोर येत असतील, कामावर किंवा घरी वागणे बदलले असेल तर मानसोपचारतज्ज्ञांना भेटावे. सरकारच्या ‘टेलि-मानस’ सेवेच्या १४४१६ या क्रमांकावर मराठीतूनही बोलता येते.

पुण्यातल्या त्या फ्लॅटमध्ये पुढच्या शनिवारी पुन्हा फासे पडतील, आणि पडावेत. फक्त त्याआधी सूत्रधाराने पाच मेसेज पाठवावेत, टेबलावर फुलीचा एक कागद ठेवावा, आणि साडेबाराऐवजी बारालाच गोष्ट संपवून गॅसवर चहाचे आधण चढवावे. त्या मुलीने ‘रुग्णालय नको’ एवढेच लिहून पाठवले, तर तिच्यासाठी लिफ्ट दुसऱ्या मजल्यावर थांबवायला फारसे कष्ट पडत नाहीत.